ग्राउट कधी कमी पडतं, कधी उरतं: हिशेब नेमका कुठे चुकतो

बेसिनच्या डाव्या हाताला, जमिनीपासून चार फुटांवर ग्राउटचा, म्हणजे टाइलमधले सांधे भरायच्या मालाचा, रंग बदलला होता. खालचे सांधे थोडे उबदार राखाडी, वरचे किंचित निळसर. काम ओलं होतं तोवर कोणाच्या लक्षात आलं नाही. तीन दिवसांनी घरातल्या काकू कपडे वाळत टाकायला आत गेल्या आणि बाहेर येऊन म्हणाल्या, "अहो, वरचा रंग वेगळा का वाटतोय?" खरंच वेगळा होता. शेड क्रमांक एकच, कंपनी एकच, पण बॅच वेगळी. एकेक किलोची चार पाकिटं आणली होती, ती भिंतीच्या मध्यावर संपली. मिस्त्री ब्रश धुवून बसून राहिला, मुलगा गाडी काढून दुकानात गेला आणि आणखी दोन पाकिटं घेऊन आला. घर साताऱ्याजवळचं, काम माझ्या देखरेखीखाली. त्या सांध्यांची वरची २ मिलिमीटर कोरून ते परत भरायला दीड दिवस गेला, आणि एपॉक्सी, म्हणजे रेझिनचं कडक ग्राउट, कोरणं म्हणजे काय ते ज्यानं केलंय त्यालाच ठाऊक.

त्याच घरातल्या हॉलमध्ये मात्र उलटं झालं होतं. आठ पाकिटं आली, एक लागलं, सात उरली.

दोन्हीकडे हिशेब एकच लावला होता: "पन्नास फुटाला एक किलो." बाथरूमच्या भिंती आणि फरशी मिळून २०२ चौरस फूट, म्हणून चार. हॉल ४०० चौरस फूट, म्हणून आठ. हा ठोकताळा आमच्याकडे दुकानदार सांगतात, मिस्त्री सांगतात, मीही बरीच वर्षं सांगितला आहे. तो एखाद्या विशिष्ट टाइलला, विशिष्ट सांध्याला बरोबर बसतो. बाकी सगळीकडे चुकतो, आणि दोन्ही बाजूंनी चुकतो.

कारण साधं आहे. टाइल क्षेत्रफळ झाकते, ग्राउट पोकळी भरतं. टाइल चौरस फुटात मोजणं रास्त आहे. ग्राउटला मात्र सांध्याची लांबी, रुंदी आणि तो किती खोल आहे, हे तिन्ही लागतं. पहिले दोन आकडे बहुतेक लोक धरतात. तिसरा कोणी मोजतच नाही, आणि माझ्या अनुभवात सर्वांत जास्त चूक तिथेच होते.

आधी सूत्र

टाइलची लांबी आणि रुंदी मिलिमीटरमध्ये घ्या. दोन्हींची बेरीज करा, तिला दोन्हींच्या गुणाकारानं भागा. आलेल्या आकड्याला सांध्याच्या रुंदीनं गुणा, मग सांधा जितका खोल आहे त्या आकड्यानं गुणा, हे दोन्ही मिलिमीटरमध्येच. शेवटी १५ ने गुणा. एका ब्राससाठी, म्हणजे १०० चौरस फुटांना, किती किलो ग्राउट लागेल ते उत्तर येतं.

हे १५ कुठून आलं, तेही सांगतो, म्हणजे पाठ करावं लागणार नाही. पंधराच्या आधीपर्यंतचा गुणाकार म्हणजे एका चौरस मीटरमागे सांध्यात किती लिटर पोकळी आहे तो आकडा. एक लिटर पोकळी भरायला साधारण १.६ किलो ग्राउट लागतं. सिमेंटचं असो की एपॉक्सीचं, अंदाजाला हा आकडा चालतो. आणि १०० चौरस फूट म्हणजे ९.२९ चौरस मीटर. १.६ गुणिले ९.२९ म्हणजे १४.८६. आपण १५ धरू.

उदाहरणादाखल एक बाय दीडची भिंतीची टाइल घेऊ, म्हणजे ३०० बाय ४५० मिलिमीटर. बेरीज ७५०, गुणाकार १,३५,०००. भागाकार ०.००५५६. सांधा २ मिलिमीटर रुंद, टाइलची जाडी ८ मिलिमीटर. ०.००५५६ × २ × ८ × १५ म्हणजे ब्रासला सुमारे १.३३ किलो.

या सूत्रात ठोकताळ्याचा फोलपणा उघडा पडतो. हॉलमधल्या दोन बाय दोनच्या व्हिट्रिफाइड टाइलला, जाडी ९ आणि सांधा १ मिलिमीटर धरला तर, ब्रासला जेमतेम ०.४५ किलो लागतं. तीच जाडी ठेवून एक बाय एकची अँटिस्किड टाइल ३ मिलिमीटर सांध्यानं लावली, तर २.७ किलो. पार्किंगची ४०० बाय ४०० ची टाइल, १२ मिलिमीटर जाड, सांधा ५ मिलिमीटर: ४.५ किलो. आणि शॉवरच्या भिंतीला हौसेनं लावलेलं एक इंची काचेचं मोझेक, जाडी फक्त ४ आणि सांधा २ मिलिमीटर, त्याला ब्रासमागे ९.६ किलो. हॉलच्या टाइलच्या २१ पट! मोझेक पातळ असल्यामुळे ग्राउट कमी लागेल असं वाटतं, पण इतक्या बारीक तुकड्यांना सांधेच सांधे असतात. बाथरूममध्ये मोझेकचा एखादा ३० चौरस फुटांचा पट्टा असेल, तर त्याचा हिशेब कायम वेगळा मांडा. एकट्या त्या पट्ट्याला तीन किलोच्या आसपास लागेल आणि बाकीच्या अंदाजाची वाट लागेल.

ब्रिक पॅटर्नमध्ये टाइल सरकवून लावली म्हणून ग्राउट जास्त लागत नाही. सांध्यांची एकूण लांबी तीच राहते, फक्त त्यांची जागा बदलते. षटकोनी टाइलला हे सूत्र कसं लावायचं असं बरेच जण विचारतात. समोरासमोरच्या दोन सपाट बाजूंमधलं अंतर मोजा आणि तेवढ्या बाजूची चौकोनी टाइल आहे असं धरा. उत्तर तंतोतंत तेच येतं. कागदावर षटकोनाची परिमिती आणि क्षेत्रफळ मांडून पाहा, खात्री पटेल.

सूत्र लावूनही कमी का पडतं

आता त्या बाथरूमकडे परत येतो. भिंती १६२ चौरस फूट, फरशी ४०. भिंतीला एक बाय दीड, सांधा २, जाडी ८: १.३३ × १.६२ म्हणजे २.१६ किलो. फरशीला एक बाय एक, सांधा ३, जाडी ९: २.७ × ०.४ म्हणजे १.०८ किलो. एकूण ३.२४. एपॉक्सीचं वाया जाणं १५ टक्के धरलं तर ३.७३. म्हणजे सूत्र लावलं असतं तरी चारच पाकिटं आणली असती आणि तरी ती भिंतीच्या मध्यावर संपलीच असती. ही गोष्ट मला फार महत्त्वाची वाटते. सूत्र बरोबर आहे. त्यात घातलेले आकडे ड्रॉइंगवरचे होते, भिंतीवरचे नव्हते.

भिंतीवर काय होतं? पहिली गोष्ट, सांधा २ चा राहिलाच नव्हता. टाइल कडा घासून एकसारखी केलेली नव्हती. एकाच खोक्यातल्या टाइलमध्ये जवळपास मिलिमीटरभर फरक होता. असा माल असला की ओळी सरळ ठेवायला मिस्त्री सांधा मोकळा सोडतो, आणि त्यानं तसं करणं योग्यच आहे. सरासरी सांधा ३ मिलिमीटर झाला. २ चे ३ म्हणजे ग्राउट दीडपट! भिंतीचं २.१६ वरून ३.२४ किलो झालं, फरशीसकट ४.३२, आणि वाया जाणारं धरून जवळजवळ पाच किलो. घासलेल्या कडांची टाइल असती तर स्पेसरचा, म्हणजे सांधा सारखा राखायला टाइलमध्ये ठेवतात त्या तुकड्याचा, आकडा विश्वासानं धरता आला असता. न घासलेल्या टाइलच्या कडा वरून किंचित गोलही असतात, त्यामुळे सांध्याचं तोंड तळापेक्षा रुंद होतं आणि वरच्या थराला आणखी माल लागतो.

पण लागली सहा पाकिटं. मग एक किलो कुठे गेलं?

ते टाइलच्या मागे गेलं. आमच्याकडे भिंतीला टाइल लावताना मागच्या बाजूला मधोमध मालाचा गोळा ठेवून टाइल दाबायची पद्धत अजून सर्रास आहे. मध्यभाग चिकटतो, चारही कोपरे पोकळ राहतात. कोपरे म्हणजे नेमकी सांध्यालगतची जागा. ग्राउट दाबून भरलं की ते सांध्यात थांबत नाही, मागच्या पोकळीत शिरतं. एक किलो एपॉक्सी म्हणजे सुमारे ६०० मिलिलिटर. पंधरा चौरस मीटर भिंतीच्या मागे विखुरलेली तेवढी पोकळी कोणाला दिसतही नाही.

हे आधी ओळखता येतं. ग्राउट भरायच्या आधी प्रत्येक टाइलचे चारही कोपरे नाण्यानं किंवा थापीच्या मुठीनं हलके वाजवा. भरीव आणि पोकळ आवाजातला फरक लहान मुलालाही कळतो. पोकळ टाइलवर खडूनं फुली मारा. फुल्या चार-दोन असतील तर त्या टाइल काढून नीट लावून घ्या. अर्धी भिंत फुल्यांनी भरली, तर प्रश्न ग्राउटचा उरलेला नाही, टाइल बसवण्याचा आहे, आणि तो आत्ताच सोडवायला हवा. पोकळ कोपऱ्यावर बादली आदळली की टाइल फुटते. ग्राउट ओतून ती पोकळी भरून निघेल या भरवशावर राहू नका. टाइल अ‍ॅडहेसिव्ह दातेरी थापीनं सगळीकडे ओढून, मोठ्या टाइलला मागूनही पातळ हात मारून लावली, तर हा सगळा भाग उद्भवतच नाही.

मग हॉलमध्ये सात पाकिटं का उरली

दोन बाय दोन, जाडी ९, सांधा १ मिलिमीटर. सूत्रानं ब्रासला ०.४५, म्हणजे चार ब्रासना १.८ किलो. लागलं एक पाकीट. का? कारण फरशी वाळू-सिमेंटच्या थरावर सिमेंटचा घोळ ओतून बसवली होती. टाइल रबरी हातोडीनं ठोकताना घोळ सांध्यातून वर आला आणि तिथेच सुकला. सांधा ९ मिलिमीटर खोल राहिला नव्हता, जेमतेम चार होता. चारनं हिशेब केला तर ०.८ किलो येतं, आणि तेवढंच लागलं.

पाकिटं वाचली म्हणून यात आनंद मानण्यासारखं काही नाही. इतक्या अरुंद आणि उथळ सांध्यात सिमेंटचं ग्राउट धरत नाही. वर्षभरात पोचा मारता मारता त्याच्या खपल्या निघतात आणि सांध्यात काळी रेघ दिसायला लागते. ती तक्रार घेऊन लोक येतात तेव्हा "ग्राउट हलकं होतं" असं म्हणतात. ग्राउटचा दोष नसतो. टाइल लावली त्याच दिवशी, घोळ कच्चा असतानाच, पातळ पत्र्याच्या पट्टीनं सांधे कोरून घ्यायला सांगा. टाइलच्या जाडीच्या निदान दोन तृतीयांश एवढा सांधा मोकळा राहिला पाहिजे. आणि टाइल व्हिट्रिफाइड असली तरी २ मिलिमीटर सांधा सोडा. "कागदी जॉइंट" दिसायला देखणा दिसतो, पण त्यात काही भरता येत नाही.

तिसरा आकडा मोजायचा कसा

टाइल बसवून झाली, माल सुकला, सांधे साफ झाले, की मग मोजा. त्याआधी ग्राउट विकत घेऊ नका. मी उदबत्तीची काडी वापरतो. मसाला काढून टाकलेली बांबूची काडी २ मिलिमीटरच्या सांध्यात सहज उतरते. तळाला टेकवायची, टाइलच्या पृष्ठभागाशी नखानं खूण करायची आणि स्टीलच्या पट्टीवर मोजायची. एका भिंतीवर दहा ठिकाणी, त्यातल्या निम्म्या जागा कोपऱ्यांजवळ, आणि सरासरी काढायची. रुंदीसाठी स्पेसरच माप म्हणून वापरा: २ चा सैल बसतो का, ३ चा घट्ट जातो का, हे पाहिलं की अर्ध्या मिलिमीटरपर्यंत अंदाज येतो.

काडी एखाद्या ठिकाणी टाइलच्या जाडीपेक्षा जास्त आत गेली, तर तिथे मागे पोकळी आहे असं समजा.

या मापाला दहा मिनिटं लागतात. त्याच घरात वरच्या मजल्यावर दुसरं बाथरूम होतं, तिथे आम्ही हेच केलं. भिंती १४८ चौरस फूट, फरशी ३५. टाइल तीच, पण आता अ‍ॅडहेसिव्ह पूर्ण पसरून लावलेली. भिंतीचा सांधा ३ रुंद आणि सरासरी ७ खोल, फरशीचा ३ रुंद, ८ खोल. भिंतीला १.७५ × १.४८ म्हणजे २.५९ किलो, फरशीला २.४ × ०.३५ म्हणजे ०.८४. एकूण ३.४३, त्यावर १५ टक्के धरून ३.९४. चार पाकिटं लागतील असं ठरवून पाच आणली, सगळी एकाच बॅचची. चौथ्या पाकिटाच्या तळाशी थोडा माल उरला, पाचवं न फोडता राहिलं.

वाया किती धरायचं

सिमेंटच्या ग्राउटला १० टक्के पुरतात. एपॉक्सीला १५. मोझेकला आणि खरबरीत पृष्ठभागाच्या टाइलला २० ते २५, कारण रबरी पट्टी फिरवताना माल टाइलच्या खाचांमध्येही बसतो आणि पुसताना निघून जातो. नक्षीदार पार्किंग टाइलचंही तसंच. फार खरबरीत टाइल असेल तर सगळ्या पृष्ठभागावर माल ओढू नका, सांध्यापुरताच भरा. वेळ जास्त लागतो, पण माल वाचतो आणि टाइलही मळत नाही.

एपॉक्सीत माल वाया जाण्याचं खरं कारण वेगळंच असतं. रेझिन, हार्डनर आणि फिलर हे त्याचे तीन घटक एकत्र केले की घड्याळ सुरू होतं. पाकिटावर जी वेळ दिलेली असते, ती सौम्य हवेतली असते. नागपूर-अकोल्याकडच्या मे महिन्यात तिच्यावर विसंबू नका, कारण उन्हाळ्यात माल बादलीतच धरायला लागतो, आणि ढिगानं ठेवला तर स्वतःच्याच उष्णतेनं आणखी लवकर. एका वेळी तेवढाच कालवा जेवढा दोन माणसं भरून पुसू शकतील, आणि कालवल्याबरोबर तो बादलीत न ठेवता पसरट पाटीत किंवा थेट भिंतीवर पसरून टाका. अर्धं पाकीट कालवायचं असेल तर तिन्ही घटक स्वयंपाकघरातल्या डिजिटल काट्यावर वजन करून अर्धे घ्या. डोळ्यांनी अर्धं करू नका. हार्डनर कमी पडला तर सांधा महिनोन्‌महिने चिकट राहतो. फिलर कमी घालून माल पातळ केला तर भरायला सोपा वाटतो, पण उभ्या सांध्यातून ओघळतो.

सिमेंटच्या ग्राउटमध्ये चूक पाण्याची होते. मिस्त्रीला सैल माल आवडतो, सरसर पसरतो. पण जास्तीचं पाणी उडून गेलं की सांधा बसतो, बारीक छिद्रं पडतात, रंग फिका आणि डागाळलेला येतो. मग दुसरा हात मारावा लागतो, आणि हिशेबात नसलेली दोन-तीन पाकिटं तिथे जातात. पाकिटावर पाण्याचं माप मिलिलिटरमध्ये दिलेलं असतं. मापाचा मग साइटवर ठेवा, तंबी देण्यापेक्षा त्याचा जास्त उपयोग होतो.

पाकिटामागचा तक्ता

ग्राउटच्या पाकिटावर किंवा कंपनीच्या माहितीपत्रकात किती किलोला किती क्षेत्र याचा तक्ता असतो. तो चुकीचा नसतो, पण वाचताना तीन ठिकाणी घसरायला होतं. तो कोणत्या जाडीच्या टाइलसाठी आहे ते बघा. तुमची टाइल १२ मिलिमीटरची आणि तक्ता ८ चा, तर दीडपट लागणार. दुसरं, आकडे चौरस मीटरचे आहेत की चौरस फुटांचे? एका चौरस मीटरमध्ये १०.७६ चौरस फूट असतात. इथे गल्लत झाली की दहापट माल येतो नाहीतर दहावा हिस्सा. मी दोन्ही पाहिलं आहे. तिसरं, तक्त्यात वाया जाणारं धरलेलं नसतं.

पाकिटावर इंग्रजी अक्षरांत सीजी १, सीजी २ किंवा आरजी असं लिहिलेलं दिसलं तर तो ग्राउटचा आंतरराष्ट्रीय वर्ग आहे. सीजी म्हणजे सिमेंटचं, त्यात २ हा वरचा दर्जा. आरजी म्हणजे एपॉक्सीसारखं रेझिनचं. वजनाच्या हिशेबात त्यानं फारसा फरक पडत नाही, पण एक वर्ग सांगून दुसरा हातात आला तर ओळखता येतो.

जिथे सूत्र चालत नाही

गच्चीवरचं चायना मोझेक. फुटक्या टाइलचे तुकडे, प्रत्येक सांधा वेगळा. शहाबादी फरशीचंही तेच: कडा हातानं फोडलेल्या, जाडी २५ मिलिमीटरच्या पुढे, सांधा कुठे ४ तर कुठे १०. शहाबादीत पूर्ण सांधा तयार ग्राउटनं भरायचा म्हटलं तर ब्रासला सात-आठ किलो सहज जातं आणि तेवढं करायची गरजही नाही. खालचा भाग बारीक वाळू-सिमेंटच्या मालानं भरून घ्यायचा, वरचे ८-१० मिलिमीटर ग्राउटला ठेवायचे, आणि हिशेब तेवढ्याच भागाचा करायचा.

अशा जागी मी सरळ पाव ब्रास भरून पाहतो. २५ चौरस फुटांची चौकट खडूनं आखायची, शक्यतो दाराआड किंवा वॉशिंग मशीन येणार असेल तिथे. वजन केलेला माल घ्यायचा, भरायचा, उरलेला परत तोलायचा. जेवढा गेला त्याची चौपट म्हणजे ब्रासचा आकडा, वाया गेलेलाही त्यातच आला. त्यासाठी एकच पाकीट आणा आणि दुकानदाराला त्या बॅचचा बाकीचा माल दोन दिवस बाजूला ठेवायला सांगा. नेहमीचा गिऱ्हाईक असेल तर ठेवतात.

कोपरे हिशेबातून वगळा

भिंत आणि फरशी जिथे मिळते ती रेघ, आणि दोन भिंतींमधले उभे कोपरे, इथे ग्राउट भरू नका. दोन वेगवेगळे पृष्ठभाग थोडे तरी हलतात आणि कडक ग्राउट तिथे तडकतं. तिथे त्याच रंगाचं सिलिकॉन सीलंट हवं. आठ बाय पाचच्या बाथरूममध्ये, सात फुटांपर्यंत टाइल असेल तर, दार सोडून खालची रेघ साडेतेवीस फूट आणि चार उभे कोपरे अठ्ठावीस फूट, मिळून साडेएकावन्न फूट, म्हणजे पावणेसोळा मीटर. ५ बाय ५ मिलिमीटरचा सांधा धरला तर ३०० मिलिलिटरची नळी १२ मीटर पुरते. दोन नळ्या आणा. ग्राउट भरताना कोपऱ्यात गेलेला माल ओला असतानाच काढून टाकायचा, नाहीतर सिलिकॉनला जागाच राहत नाही.

कमी पडतंय असं अर्ध्यावर लक्षात आलं तर

थांबा, पण भिंतीच्या मध्यावर थांबू नका. हातातला माल पुरेल तिथपर्यंतची भिंत पूर्ण करा आणि कोपऱ्यावर थांबा. काटकोनात मिळणाऱ्या दोन भिंतींवर उजेड वेगवेगळा पडतो, त्यामुळे बॅचमधला किरकोळ फरक डोळ्याला जाणवत नाही. एका सपाट भिंतीवर तोच फरक लगेच दिसतो. माझ्या त्या कामात मिस्त्री चारही भिंतींना खालून वर भरत चालला होता. एकेक भिंत पूर्ण करत गेला असता तर नवीन बॅच दाराच्या भिंतीवर गेली असती आणि काकूंना काही दिसलं नसतं. त्यानंतर मी कोणालाही आडव्या पट्ट्यात भरू देत नाही.

सिमेंटचं ग्राउट असेल आणि दोन बॅच आधीपासूनच हातात असतील, तर पाणी घालण्याआधी सगळी पाकिटं एका मोठ्या टबात कोरडी मिसळून घ्या. रंग एकसारखा येतो. एपॉक्सीला हे करता येत नाही, कारण रंग बहुधा फिलरमध्ये असला तरी घटकांचं प्रमाण पाकिटागणिक ठरलेलं असतं. तिथे भिंत बदलणं हाच मार्ग.

उरलेलं बंद पाकीट परत करू नका. नळ दुरुस्तीला एखादी टाइल निघाली की त्याच बॅचचा माल दुकानात मिळणार नाही. प्लास्टिकच्या पिशवीत गुंडाळून माळ्यावर ठेवा, पावसाळ्यात ओल लागली तर सिमेंटच्या ग्राउटच्या गुठळ्या होतात. पाकिटावरची मुदत बघून ठेवा. पिशवीवर मार्करनं लिहा: कोणतं बाथरूम, शेड क्रमांक, बॅच क्रमांक, सांधा किती रुंद, किती खोल, आणि एकूण किती किलो लागलं. साताऱ्याच्या त्या घरी तशी पिशवी माळ्यावर आहे. गेल्या पावसाळ्यात गीझरचा पाइप बदलताना तीन टाइल काढाव्या लागल्या, तेव्हा काकूंनीच ती शोधून मिस्त्रीच्या हातात दिली.